गारखेड्याचा डिस्कव्हरी

आमच्या गल्लीत त्याचं खरं नाव आता फक्त लाइट बिलावर उरलंय. बाकी सगळ्यांचा तो डिस्कव्हरी. दूधवाल्याचा, कचऱ्याच्या गाडीचा, पोराच्या शाळेतल्या बाईंचा, एवढंच काय, त्याच्या वडिलांचाही. "डिस्कव्हरी उठले का?" असं अण्णा सकाळी दहाला सुनेला विचारतात तेव्हा त्यात चौकशी कमी आणि टोमणा जास्त असतो. हा एक तर पहाटे तीनला उठतो, नाही तर अकराला. मधली वेळ त्याच्या धंद्यात बसत नाही.

धंदा म्हणजे वन्यजीव माहितीपटांचं शूटिंग. लग्न जमवताना हे समजावून सांगायला मध्यस्थाला घाम फुटला होता. मुलीचे मामा जालन्याचे, लोखंडाच्या व्यापारातले. त्यांनी सरळ विचारलं, "मुलगा काय करतो?"

अण्णा खरं बोलणारे. म्हणाले, "बिबट्याची वाट बघतो."

"आणि पगार?"

"बिबट्या आल्यावर."

मामा पोट धरून हसले आणि त्या हसण्यातच सुपारी फुटली. तो विनोद नसून हिशेब होता, हे वहिनींना पहिल्या दिवाळीला कळलं.

तसं वाट बघण्याचं आमच्या शहराला वावडं नाही. पन्नासेक किलोमीटरवर जायकवाडीसारखं धरण, आणि नळाला पाणी वर्षानुवर्षं कुठं पाचव्या दिवशी, कुठं आठव्या. संभाजीनगरचा माणूस रात्री दोनला उठून अंधारात नळाच्या तोंडाला कान लावून बसतो. आत नुसती हवा फुसफुसली तरी त्याला कळतं, की अजून वीस मिनिटं. त्या अर्थानं आम्ही सगळेच याच्या धंद्यातले. फरक एवढाच, की आमचं पाणी शेवटी येतं.

अण्णा त्याच धरणावर मस्टर कारकून होते. १९६५ मध्ये लालबहादूर शास्त्रींनी पायाभरणी केली आणि १९७६ मध्ये इंदिरा गांधींनी उद्‌घाटन, या दोन तारखांच्या मध्ये अण्णांची नोकरी, लग्न आणि कंबरदुखी सुरू झाली. सत्तावीस दरवाजांचा उल्लेख ते घरच्या दरवाजासारखा करतात. १९८६ मध्ये धरणाच्या जलाशयाचा, म्हणजे नाथसागराचा परिसर पक्षी अभयारण्य म्हणून जाहीर झाला, तेव्हापासून त्यांचं एक ठरलेलं वाक्य आहे: "आम्ही धरण बांधलं माणसाला पाणी मिळावं म्हणून. मिळालं पाखरांना." मग डिस्कव्हरीच्या खोलीकडं बघून पुढं म्हणतात, "आणि पाखरांमागं आमचं हे पाखरू."

सुरुवात अगदीच सरळ होती. गुलमंडीवर याच्या मामाचा फोटो स्टुडिओ. हा शाळेत असताना लग्नात हॅलोजन धरायचा. खांद्यावरच्या व्हीएचएस कॅमेऱ्यामागं वायर गुंडाळत पळायचं, नवरीच्या डोळ्यांत उजेड मारायचा आणि शेवटच्या पंगतीत गार झालेला भात खायचा, ही याची फिल्म इन्स्टिट्यूट. मग विद्यापीठात पत्रकारितेचा अभ्यासक्रम केला. २००८ मध्ये कॅननचा फाइव्ह-डी मार्क टू आला आणि फोटोच्या कॅमेऱ्यात सिनेमासारखं चित्र दिसायला लागलं. भारतभर हजारो तरुणांना त्या वर्षी आपण दिग्दर्शक असल्याचा शोध लागला. याला मात्र दिग्दर्शक व्हायचंच नव्हतं. माणसांना 'ॲक्शन' म्हणायचं आणि ते बिचारे लगेच काहीतरी करायला लागतात, यात कसलं आलंय कौशल्य, असं याचं मत. ज्याला 'ॲक्शन' म्हणता येत नाही, त्याचंच शूटिंग करायचं.

मग कुठल्याशा परदेशी चमूबरोबर तिपाई वाहिली. पुढं दुसऱ्या कॅमेऱ्याचा सहायक झाला. त्या माहितीपटाच्या शेवटी नाव आलं तेव्हा अख्खी गल्ली टीव्हीसमोर बसली होती. नाव आलं आणि गेलं. काकूंनी, म्हणजे त्याच्या आईनं, चष्मा पुसून डोळ्यांवर चढवेपर्यंत पाव बनवणाऱ्या कुठल्या तरी कंपनीची जाहिरात लागली होती. पोरानं मोबाइलवर फोटो काढला होता, त्यात वर सरकणाऱ्या चार पुसट ओळी आहेत. त्यातली तिसरी याची, असं काकू सांगतात. तो फोटो फ्रेम करून हॉलमध्ये लावलाय. आलेला पाहुणा त्याला गजाननमहाराजांचा समजून हात जोडतो.

आता त्याचं काम जवळून कसं दिसतं ते सांगायला पाहिजे, कारण लोकांना वाटतं हा जीपमधून उन्हाचा चष्मा लावून फिरतो. नाथसागराच्या काठी, सोनेवाडी-पिंपळवाडीकडं, थंडीत रोहित पक्षी उतरतात. हिमालय ओलांडून पट्टकदंब येतात, चक्रवाक येतात. हा त्याआधी अंधारात चिखलात जाऊन बसतो. लपण म्हणजे चार बांबू, त्यावर खाकी कापड, वरून बाभळीचे फाटे. आत एक माणूस उकिडवा मावतो, सरळ बसलेला मावत नाही. शेजारी पाण्याच्या दोन बाटल्या, एक जाताना भरलेली आणि एक येताना भरलेली. दोन्ही सारख्या दिसतात, म्हणून एकीला लाल दोरा. वहिनींनी दिलेला ठेचा आत न्यायचा नाही, कारण वास. साबण नाही, अत्तर नाही, डोक्याला तेल नाही. काकूंना यातलं तेल नाही हेच जास्त लागतं. "कोरड्या टाळूनं बाहेर पडलास, म्हणून येत नाही तो बिबट्या," असं त्या म्हणतात.

मोठं भिंग मुंबईहून भाड्यानं येतं. साडेसहा किलोचं एकेक धूड. विकत घ्यायचं म्हटलं तर तेवढ्यात बीड बायपासला फ्लॅट येतो, आणि फ्लॅटला निदान बुरशी लागली तरी भाडेकरू मिळतो. भाडं दिवसावर. त्यामुळे पक्षी आला नाही तरी मीटर चालू. एका सकाळी काठावरच्या एका भोई म्हाताऱ्यानं होडीतून बघून विचारलं, "साहेब, काय करायलेत आत?"

"पाखरांची वाट बघतोय."

"ती तर रोज इथंच बसायलीत. तुम्ही आलात की उठून पलीकडं जायलीत."

याच्यावर डिस्कव्हरी चिडला नाही. त्यानं वहीत लिहून घेतलं. ही वही म्हणजे त्याचं भांडवल: कुठला पक्षी किती वाजता कुठल्या बाजूनं उठला, वारा कुठला, उजेड कुठला. बायकोचा वाढदिवस त्यात नाही.

त्याच्या कॅमेऱ्यात एक सोय आहे. कॅमेरा बटण दाबण्याआधीचे काही सेकंद सतत आत धरून ठेवतो. पक्ष्यानं झेप घेतल्यावर बटण दाबलं तरी झेपेच्या आधीचं चित्र हाती लागतं. हे त्यानं एकदा रात्री जेवताना फार कौतुकानं समजावून सांगितलं. वहिनी पोळी लाटता लाटता म्हणाल्या, "ही सोय माझ्यातपण आहे. माझं रेकॉर्डिंग लग्नापासूनचं आहे." त्यानंतर बराच वेळ त्या घरात रानातल्यासारखी शांतता होती.

पोटासाठी अर्थातच लग्नं. तुळशीचं लग्न लागलं की डिस्कव्हरी जंगल सोडून मंगल कार्यालयात येतो, आणि इथंच घोटाळा होतो. हा लग्नात कुणाला "इकडं बघा" म्हणत नाही. "बघितलं की वर्तन बिघडतं." व्यासपीठापासून लांब, जनरेटरच्या आडोशाला, मोठं भिंग लावून हा बसून राहतो. त्यामुळे त्याच्या पेनड्राइव्हवर काय असतं? मंगलाष्टकं चालू असताना घड्याळ बघून एक कडवं गिळणारे गुरुजी. आहेराची पाकिटं हातानं तोलून बघणारी वरमाय. कूलरसमोरच्या खुर्च्या हेरून तिथं रुमाल टाकणारा तरुणांचा कळप. शेजाऱ्याच्या ताटातली जिलबी त्याचं लक्ष नसताना उचलणारे एक सभ्य काका, तेही सेकंदाला १२० फ्रेमनी, म्हणजे जिलबी उचलायला त्यांना पडद्यावर पुरं अर्धं मिनिट लागतं आणि त्यात पाकाचा एकेक थेंब मोजता येतो. वरातीत तर हा पूर्ण हरवतो, कारण वरातीत घोडा असतो. घोड्याच्या नाकपुड्या, घोड्याची आयाळ, फटाक्याला दचकणारा घोड्याचा कान. एका मुलीच्या वडिलांनी शेवटी विचारलं, "नवरदेव कुठं आहे?"

"वर आहे की. रिकिबीत बूट दिसतोय बघा."

पण खोटं कशाला बोला. त्याच लग्नात पाठवणीच्या आधी हे वडील मांडवामागं केटरर्सच्या पालथ्या पातेल्यावर जाऊन बसले होते आणि भांडी पुसायच्या फडक्यानं डोळे पुसत होते. त्यांना वाटलं कुणी बघत नाहीये. तो तुकडा डिस्कव्हरीनं हात न थरथरता पूर्ण घेतला. ते कुटुंब बाकीचा पेनड्राइव्ह आता उघडत नाही, तेवढा तुकडा मात्र अजून पुन्हा पुन्हा बघतं. तरीही बिलातले पैसे कापलेच, कारण सप्तपदीत चार पावलं कमी होती.

डिसेंबर २०१९ मध्ये अशाच एका लग्नात हा होता. मुहूर्त सकाळचा, कार्यालय बीड बायपासला, मोबाइल सवयीनं सायलेंटवर. त्याच सकाळी सिडको एन-वनमध्ये फिरायला निघालेल्या लोकांना बिबट्या दिसला. उद्यान, बंगले, भिंती, गच्च्यांवर माणसं, रस्त्यात पोलीस. काही तास हा खेळ चालला आणि शेवटी वन खात्यानं बेशुद्धीचं इंजेक्शन मारून त्याला पकडलं. शहरात ज्याच्या-ज्याच्याकडं मोबाइल होता त्यानं बिबट्याचा व्हिडिओ काढला. नव्हता काढला तो यानं एकट्यानं. बिबट्यासाठी आयुष्य काढलेला हा माणूस त्या वेळी पंधरा मिनिटांच्या अंतरावर कानपिळीचा क्लोजअप घेत होता.

दुसरा फटका मार्च २०२१ चा. कन्नडकडं गौताळा अभयारण्य आहे, २६० चौरस किलोमीटरचं. तिथं कित्येक दशकांत वाघ नव्हता. यवतमाळ जिल्ह्यातल्या टिपेश्वरहून एक नर चालत चालत थेट गौताळ्यात आला. किती जिल्हे, किती रस्ते आणि किती कापसाची रानं ओलांडून! आणि त्याचा फोटो कुणी काढला? झाडाच्या बुंध्याला पट्ट्यानं बांधलेल्या एका डबीनं. कॅमेरा ट्रॅप. समोरून ऊब हलली की आपोआप खटका पडतो. त्या डबीला ना भाडं, ना लपण, ना लाल दोऱ्याची बाटली. डिस्कव्हरीनं तो फोटो पेपरात बघितला, बराच वेळ बघितला आणि म्हणाला, "फ्रेमिंग चुकलंय. शेपूट कापलीये."

मला वाटतं, त्या दिवशी तो पहिल्यांदा खचला. शहागंजला चहाच्या टपरीवरचे चाचा त्याचे जुने दोस्त. त्यांनी विचारलं, "क्या मियाँ, शेर आया सुना?"

"आया ना. मेरे को छोड़ के सबको मिला."

"फिकर नक्को. शेर है, म्युन्सिपाल्टी का पानी थोड़ी है. आएगा."

दोन शूटिंगच्या मधल्या काळात घरात जे चालतं ते तर बघण्यासारखं असतं. आपण पडद्यावर वाघ चालताना पाचोळ्याचा जो आवाज ऐकतो, तो बहुतेक वेळा वाघाचा नसतोच. कॅमेरा अर्ध्या रानापलीकडं असतो, तिथला आवाज माइकला कुठून येणार? ते आवाज नंतर स्टुडिओत बसून काढतात. बर्फातल्या अस्वलाच्या पावलांसाठी विलायतेत मोज्यात कस्टर्ड पावडर भरून दाबतात, हे त्यानंच मला सांगितलं. इथं गारखेड्यात स्टुडिओ म्हणजे स्वयंपाकघर. पंखा बंद, फ्रिज बंद, कुकरला सक्त मनाई. पाचोळ्यासाठी परातीत मुरमुरे, त्यावर वहिनींची बोटं. रोहित पक्ष्यांच्या थव्यासाठी पोराच्या क्रिकेटचे दोन हातमोजे एकमेकांवर फडफड. बिबट्या हाड फोडतो त्या जागी काकू परवाची कडक भाकरी मोडतात आणि अण्णा कच्चा मुळा खातात. अण्णांचा मुळा फार दर्जेदार आहे. दोन दात कमी असल्यामुळे त्यात एक ओला, हिंस्र असा पोत येतो, असं डिस्कव्हरीचं म्हणणं. एकदा ऐन हाडाच्या वेळी बाहेरून "भंगाऽऽर" अशी आरोळी आली. ती त्या फिल्ममध्ये अजून आहे. नीट कान दिला तर चितळ दचकतं त्याच्या जरा आधी ऐकू येते.

असल्या घरात उमेद टिकते ती बाहेरच्या बातम्यांवर. 'द एलिफंट व्हिस्परर्स'ला २०२३ मध्ये ऑस्कर मिळालं तेव्हा चाळीसेक मिनिटांच्या त्या फिल्मसाठी साडेचारशे तासांचं चित्रण झालं होतं, हा आकडा यानं अण्णांना तीनदा ऐकवला. अण्णा मस्टरवाले, त्यांनी मनात भागाकार केला. "म्हणजे बाकीचं वायाच की," म्हणाले. मग जून २०२४ मध्ये मुंबईच्या 'मिफ' या माहितीपट महोत्सवात सुब्बय्या नल्लमुथूंना व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार मिळाला. वाघांवर हयात घालवलेला माणूस! डिस्कव्हरीनं गल्लीत पेढे वाटले. निम्म्या लोकांना वाटलं याच्या साडूला मुलगा झाला.

त्याच भरात तो जुलैमध्ये गौताळ्याकडं गेला. परवानगीचा कागद कुठल्याशा टेबलावर मुक्कामाला होता, म्हणून अभयारण्याच्या हद्दीबाहेर एका ओळखीच्या शेतकऱ्याच्या बांधावर लपण टाकलं. वर पाऊस, खाली मक्याचं रान, भोवती डास. बिबट्या या ओढ्यानं उतरतो, अशी वहीत नोंद होती. रात्री भिंगावर प्लास्टिक आणि स्वतःवर युरियाचं पोतं पांघरून हा डोळे फाडून बसला. पहाटे फोन थरथरला. वहिनी कुजबुजत बोलत होत्या.

"अहो, तुम्ही कुठं आहात?"

"हळू बोल. तो येईल इतक्यात."

"तो इकडं आलाय."

बिबट्या उल्कानगरीत आला होता. याच्या घरापासून दोन गल्ल्या. सीसीटीव्हीत दिसला, आरामात, रस्त्याच्या मधोमध, रात्री जेवण करून शतपावलीला निघाल्यासारखा. दोन दिवसांनी प्रोझोन मॉलपाशी तसाच कॅमेऱ्यात आला. पिंजरे लागले, बाहेरून पथकं आली, संध्याकाळी ओट्यावरच्या गप्पा बंद झाल्या, आणि रात्री नळाला कान लावणारे लोक पहिल्यांदाच नळ सोडून घरात बसले. बिबट्या आला तसा निघूनही गेला. डिस्कव्हरी पहिल्या एसटीनं घरी पोचला तेव्हा कोपऱ्यावरचे किराणावाले मामा चॅनेलवाल्यांना आपल्या डीव्हीआरविषयी मुलाखत देत होते.

"२०१६ मध्ये मुंबईच्या बिबट्यांना बीबीसीनं थर्मल कॅमेऱ्यानं घेतलं," डिस्कव्हरी मला म्हणाला. 'प्लॅनेट अर्थ टू' त्याला पाठ आहे. "अंधारात डुकरावर झडप. काय शॉट आहे! आणि आमचा बिबट्या कुणी काढला? गहू, तांदूळ, साबुदाणा घाऊक आणि किरकोळ."

पण माणूस व्यवहाराला अगदीच सोडून नाही. त्या आठवड्यात परिसरातल्या प्रत्येक सोसायटीला कॅमेरे बसवायचे होते आणि कॅमेऱ्यातला माणूस म्हणून गल्लीला एकच नाव माहीत होतं. त्यानं कामं घेतली. मन लावून केली. प्रत्येक आवाराला दोन दोन संध्याकाळ फेऱ्या मारून कोण कुठून येतो, उजेड कुठून पडतो, याची वहीत नोंद केली. भिंतीवर उंच बसवलेले जुने कॅमेरे त्याला पटत नव्हते. "वरून घेतलं की जनावर चपटं दिसतं. कॅमेरा त्याच्या डोळ्यांच्या उंचीवर पाहिजे." आमच्याही सोसायटीत त्यानं चार कॅमेरे बसवले, जमिनीपासून हातभर वर, कुंड्यांच्या आड, वर थोडं गवत.

गेल्या थंडीत चोरी झाली. दोन सायकली आणि पाण्याची मोटर. हवालदार आले, अध्यक्ष आले, सगळे खुर्च्या टाकून फुटेज बघायला बसले. चोराच्या चपला स्वच्छ आल्या होत्या. उजव्या चपलेचा अंगठा तारेनं शिवलेला, डाव्या टाचेला भेग, मागून कोवळा उजेड, पुढं दवानं ओली फरशी. चोर तीनदा फ्रेममधून गेला आणि तिन्ही वेळा गुडघ्याखाली.

"तोंड कुठंय?" हवालदारांनी विचारलं.

"चाल बघा साहेब, चाल," डिस्कव्हरी पडद्यावरून नजर न हलवता म्हणाला. "डावा पाय किंचित ओढतो. एकटा फिरतो. वयानं तरुण असणार."

"मी काय पायाचा पंचनामा करू?"

"गडबड नका करू. त्याची वाट इकडूनच आहे. मोटरीचा पाइप इथंच टाकून गेलाय, तो न्यायला परत येईल."

"आणि तोवर आम्ही काय करायचं?"

डिस्कव्हरीनं तोवर जास्वंदीमागं दोन प्लास्टिकच्या खुर्च्या ओढल्या होत्या. एक त्यानं हवालदारांकडं सरकवली आणि विचारलं, "साहेब, तुम्ही डोक्याला तेल लावता का?"